चौदा नंबरचा कागद

१३ जानेवारी १९९७, सोमवार

दुसऱ्या वर्षाच्या अकरा पोरी आल्या आज वॉर्डात. कडक इस्त्रीचे गणवेश, डोक्यावर टोप्या, आणि निम्म्यांच्या घड्याळाला सेकंदकाटा नाही. म्हटलं, नाडी काय पंचांगात बघून मोजणार? हसल्या. पोरी हसल्या की निम्मं शिकवणं झालं.

मग नेहमीचा खेळ केला. दारात उभा राहिलो, वॉर्डाकडं पाठ, डोळे मिटलेले. सांगितलं — तीन नंबरचा दमा आज बरा आहे, शिट्टी पातळ झालीय. नऊ नंबरची छाती खरखरतेय. सतरा नंबर झोपलेला नाही, सुई चुकवायला सोंग घेतलंय. पोरींनी जाऊन पाहिलं. सतरा नंबरनं एक डोळा उघडला. अख्खा वॉर्ड हसला, पडद्याअलीकडच्या अर्ध्यातल्या बायाही आणि पलीकडच्या अर्ध्यातले गडीही.

पिशोरहून सतरा वर्षांचा आलो तेव्हा ही फरशी पुसत होतो. आठ वर्षं पुसली. फरशी पुसणाऱ्याकडं कुणी बघत नाही, म्हणून त्याला सगळं ऐकू येतं. कान तिथं तयार झाले. पुढं रात्रशाळा, मॅट्रिक, तिशीत नर्सिंगचा कोर्स. आज बत्तीस खाटांचा इन्चार्ज ब्रदर. पण पोरींना दाखवायला अजून कानच काढतो.

टीपीआरचा कागद कसा भरायचा ते सांगितलं. ताप — थर्मामीटर दोन मिनिटं. नाडी — अर्धा मिनिट मोजा, दुप्पट करा. श्वास — इथं दर बॅचला सांगतो तेच. पूर्ण मिनिट मोजत बसलात तर बत्तीस जणांना बत्तीस मिनिटं. माणूस बोलतोय, चहा पितोय, शेजारच्याशी भांडतोय — वीस लिहा, पुढं चला. धाप लागली तर कान सांगतातच.

दहा जणींनी वहीत उतरवून घेतलं. एकीनं नाही. राहत नाव तिचं. पाचोडची.

१४ जानेवारी, मंगळवार

संक्रांत. तिळगूळ वाटला. राहत म्हणाली, "सर, रोजा आहे. बांधून द्या." दोन जास्त बांधून दिले.

१६ जानेवारी, गुरुवार

ही राहत फार सावकाश. बाकीच्यांचे आकडे साडेसातला टेबलावर, हिचे आठला. आज मुद्दाम मागं जाऊन उभा राहिलो. सहा नंबरच्या म्हाताऱ्याचं मनगट धरून गप उभी.

म्हटलं, "काय गं, श्वास मोजतीस का जप करतीस?"

"मोजते सर. पूर्ण मिनिट."

"अन् त्याला कळलं तू श्वास मोजतीस, मग? श्वास बदलतो माणूस."

"कळत नाही सर. मनगट सोडत नाही ना. त्याला वाटतं नाडीच चाललीय. मी छातीकडं बघते."

हे अगदी निजामुद्दीनचाचांचं. ते इथले जुने ड्रेसर, निजामाच्या काळात पट्ट्या बांधायला लागलेले. मला फडकं सोडायला लावून हातात मनगट दिलं ते त्यांनी. "बद्री, कलाई पकड, नजर सीने पे रख. और कान पे भरोसा नक्को करना. कान वोच सुनता जो उसकू सुनना रहता."

दहा-बारा वर्षं मी तसंच मोजलं. मग कधी सोडलं आठवत नाही.

पोरीला म्हटलं, "चांगलंय. पण जरा पाय उचल." म्हणजे काय, तर चांगलं आहे पण करू नको. मास्तर झालो पुरता.

२० जानेवारी, सोमवार

चौदा नंबरला पिशोरची बाई! मनकर्णाबाई, सत्तरीच्या. ताप, खोकला, चार दिवस अंगावर काढलेला. सोबत मुलगा पुंजाराम. नाव-गाव लिहिताना म्हटलं, मीही पिशोरचा. बाईनं डोळे बारीक केले.

"बद्रीनाथ? आमच्या खळ्यावर शेंगा चोरताना घावला व्हता त्यो बद्री?"

अकरा पोरींच्या देखत. म्हटलं, "व्हय मावशे, त्योच. आता लोकायला सुया टोचतो."

"तवाच तुला चार टोचाया पायजे व्हत्या." मग खोकली, मग पुंजारामला म्हणाली, "पोत्यातल्या शेंगा आण रं याला. बिचारा आजून भुकेला दिसतो."

पोरी दिवसभर एकमेकींना शेंगा-शेंगा करत होत्या. आडून ऐकलं, मजा वाटली.

डॉक्टर गयास — आमचे नवे निवासी डॉक्टर, बोलायला तुटक पण हुशार — त्यांनी छाती तपासली. न्यूमोनिया, उजवीकडं. इंजेक्शनं सुरू. मला म्हणाले, "ब्रदर, वय आहे. श्वासावर नजर ठेवा. वाढला तर लगेच बोलवा."

म्हटलं, काळजी नको.

२१ जानेवारी, मंगळवार

तपासणीचं पथक उद्या अकराला. मेट्रन मॅडमनी दुपारी बोलावून सांगितलं — शेरा चांगला आला तर नर्सिंग शाळेतल्या ट्यूटरच्या जागेला तुमचं नाव घालते. डिग्री नाही म्हणून नऊ वर्षं अडलेली जागा. चहा पाजला त्यांनी. कपबशीत.

पडदे धुतले. पलंगांना रंग दिला. आणि आमच्या वॉर्डाचा शिरस्ता — खाडाखोडीचा कागद खाटेला लटकता कामा नये. खाडाखोड झाली की तो काढायचा आणि नवा स्वच्छ उतरवायचा. दिवसाचं निळ्या शाईत, रात्रीचं लाल. हा शिरस्ता कोणी घालून दिला? मीच. चौदा वर्षांत एका पथकानंही बोट ठेवलं नाही.

मनकर्णाबाईंचा ताप उतरतोय. सारख्या बोलत असतात.

२२ जानेवारी, बुधवार

पथक आलं आणि गेलं. खूष होऊन गेलं. मधल्या बाईंनी चौदा नंबरचा कागद हातात धरला, म्हणाल्या, "हे कुणाचं अक्षर? मोती आहेत." राहतला पुढं केलं. ती खाली बघत उभी. सकाळीच तिला तो कागद नव्यानं लिहायला लावला होता, खाडाखोड होती म्हणून. जरा घुटमळली, पण लिहिला.

पथक चहाला गेलं तेव्हा एक वाजला होता. तेवढ्यात राहतच ओरडली. मनकर्णाबाई उशीवरून सरकल्या होत्या. ओठ निळे. श्वास भराभर, पण वरवरचा, आवाजच नाही त्याला. मिनिटाला चव्वेचाळीस. डॉक्टर गयास धावत आले. ऑक्सिजन लावला, आयसीयूत नेलं.

पुंजाराम जिन्यात बसून होता. हातात शेंगांची पिशवी. तेवढ्यासाठी पहाटेच्या गाडीनं पिशोरला जाऊन आला होता.

२३ जानेवारी, गुरुवार

मनकर्णाबाई गेल्या.

२४ जानेवारी, शुक्रवार

पुंजाराम कागदपत्रं न्यायला आला. मला वाटलं, बोलेल काहीतरी. बोलला असता तर बरं झालं असतं. पाया पडायला वाकला — पन्नाशीचा माणूस! धरला त्याला.

"बद्रीभाऊ, तुमी व्हते म्हणून माय निवांत व्हती. मला म्हनली, आपलं मानूस हाय इथं, तू जा शेंगा घिऊन ये."

पिशवी माझ्या हातात दिली. नको म्हणता येईना.

घरी आणली. बायकोनं, आवडानं, विचारलं, "कुणाच्या?" म्हटलं, पेशंटच्या. "भाजू का?" नको म्हटलं. पिशवी फळीवर ठेवली.

२५ जानेवारी, शनिवार

डॉक्टर गयास कागद घेऊन आले. टेबलावर ठेवला, बोट टेकवलं.

"ब्रदर, सकाळी आठला श्वास वीस. दुपारी एकला चव्वेचाळीस. पाच तासांत न्यूमोनिया असा उडी मारत नाही. सकाळी वाढलेलाच असणार. मला आठला कळलं असतं तर आठलाच ऑक्सिजन लागला असता. वाचल्या असत्या असं छातीठोक म्हणत नाही. पण पाच तास गेले. कुणी घेतले हे आकडे?"

अक्षर समोरच होतं. मोती.

त्यांनी वर लेखी कळवलंय. चौकशी लागणार. समितीत तिघं — मेट्रन मॅडम, शाळेच्या प्राचार्या, एक मोठे डॉक्टर.

घरी येताना पायी आलो, पुंडलिकनगरपर्यंत. मनात एकच — वीस लिहा, पुढं चला. तेरा तारखेला बारा वाजता त्याच टेबलाशी उभं राहून मीच बोललो होतो. बॅचमागून बॅच, किती पोरी, कुठकुठच्या दवाखान्यांत आज वीस लिहीत असतील. माझे कान त्यांना दिले नाहीत, माझी सवय तेवढी दिली.

२६ जानेवारी, रविवार

झेंडावंदन. तपासणीत वॉर्ड पहिला आला म्हणून शाल-नारळ. टाळ्या. अकरा पोरी रांगेत. दहा टाळ्या वाजवत होत्या. राहतही वाजवत होती. मी मोजल्या.

२७ जानेवारी, सोमवार

मेट्रनच्या खोलीबाहेर बाकावर बसलो होतो. दार लोटलेलं. माझ्या कानांना दाराचं काय.

प्राचार्या म्हणत होत्या, "मुलगी तशी हुशार आहे हो."

मेट्रन मॅडम, "असेल. पण पहाटेपासून पोटात पाणी नाही अन् ड्यूटी करते. लक्ष कुठून लागणार? रोजा सांभाळायचा का पेशंट?"

मग डॉक्टर गयास यांचा आवाज — तेही आत होते हे तेव्हा कळलं. "मॅडम, रोजा माझाही आहे. बावीस तारखेलाही होता. माझ्याच हातानं नळी घातली बाईंना. हात हलला नाही."

चमचा बशीवर वाजला.

मी उठून आत जायला हवं होतं. म्हणायला हवं होतं, पोर रोज्यानं चुकली नाही. बाकावर बसून राहिलो. नंतर मॅडम बाहेर आल्या, म्हणाल्या, "तुमच्या वॉर्डाचं नाव खराब होऊ देणार नाही आम्ही." मी म्हटलं, "हो मॅडम."

'हो मॅडम' म्हणजे काय, ते कळायला घरी यावं लागलं.

२८ जानेवारी, मंगळवार

राहतला समितीपुढं बोलावलं. वॉर्डाचा इन्चार्ज म्हणून मीही हजर.

"सकाळी आठचे आकडे तू घेतलेस?"

"हो."

"श्वास मोजलास?"

तिनं माझ्याकडं पाहिलं. फार नाही. जेवढा वेळ घड्याळाकडं बघतो तेवढाच.

"माझ्याकडून चूक झाली, मॅडम."

"मोजलास की नाही?"

"चूक झाली."

लिहून घेतलं त्यांनी. सही घेतली. मला विचारलं, "तुम्हाला काही सांगायचंय?" मी म्हणालो, मुलगी कष्टाळू आहे, पहिलीच चूक आहे, दया दाखवावी. दया! माझ्या तोंडून असा गोड शब्द आला.

२९ जानेवारी, बुधवार

रजा टाकली. अंग दुखतंय म्हटलं. काही दुखत नाही.

३० जानेवारी, गुरुवार

तिचे वडील आले. इलियासभाई. पाचोडला गाद्या भरतात, कापूस पिंजतात. बाजाराच्या दिवशी आले, म्हणजे दुकान बंद ठेवून आले. वॉर्डाच्या दारात दिसायच्या आधी कानाला दिसले — जिन्यावरूनच छाती वाजत होती. तीस वर्षांचा कापूस आहे आत.

बसवलं. पाणी पुढं करणार होतो, रोजा आठवला. हात मागं घेतला.

म्हणाले, "साब, मैं झगडने नै आया. मराठीत बोलतो. पोरगी म्हणते, चूक माझी आहे. असेल. माझ्या पोरीची चूक असंल तर सजा होऊ द्या. पण एक गोष्ट माझ्या डोक्यात बसत नाही."

"काय?"

"मला दम्याचा झटका यायचा तेव्हा ही एवढीशी होती. सात-आठ वर्षांची. डॉक्टरनं हिच्या अम्मीला सांगितलं होतं, दम मोजत जा, तीसच्या वर गेला की गाडी करून घेऊन ये. हिच्या अम्मीला आकडे येत नव्हते. ही मोजायची. माझा हात धरून बसायची अन् पाटीवर लिहायची. दोन दफे तिनं मोजलं म्हणून मी वाचलो, साब. सगळं पाचोड जाणतं. शाळेत बाई विचारायच्या, काय होणार? म्हणायची, दम मोजणारी." हसले, मग खोकला आला. थांबला तेव्हा म्हणाले, "ही बाईचा दम न मोजता लिहील? कसं?"

मी विषय बदलला. म्हटलं, तुमची छाती वाजतेय, इथल्या डॉक्टरांना दाखवून जा.

"हौ, दाखवतो," म्हणाले. "तिचं झाल्यावर."

३१ जानेवारी, शुक्रवार

निजामुद्दीनचाचा असते तर काय म्हणाले असते? काही नाही. हातातलं मनगट काढून घेतलं असतं आणि फडकं परत दिलं असतं.

३ फेब्रुवारी, सोमवार

निकाल. राहतचं नाव शाळेतून कमी. ईद झाल्यावर, अकरा तारखेला, वसतिगृह सोडायचं. दाखल्यावर शेरा जाणार — निष्काळजीपणा. असा शेरा असला की दुसरी कुठली शाळा दारात उभी करणार नाही.

दहा पोरी माझ्याशी बोलत नाहीत. म्हणजे "हो सर, नाही सर" बोलतात. हसवलं तर हसतात. पण सगळ्या आता पूर्ण मिनिट मोजतात. मी काही सांगितलेलं नाही. कागद साडेआठला येतात टेबलावर. आज एका कागदावर बावीस, एकावर अठरा, एकावर सव्वीस. वीस एकाही कागदावर नाही.

५ फेब्रुवारी, बुधवार

आवडा म्हणाली, "शेंगांना भुंगा लागंल. काय करायचं ते करा, नायतर शेजारी वाटते."

"राहू दे."

"पंधरा दिस झाले तुमी नीट जेवत नाहीत. कोन व्हती ती म्हातारी?"

"गावची."

"गावच्या लई मरतात. ती पोरगी तुमची कोन लागते?"

"शिष्य."

पोळी तव्यावरून काढत म्हणाली, "मंग तिच्यासाठी काहीतरी करा की. तुमचं तर तिथं ऐकत्यात म्हनं."

७ फेब्रुवारी, शुक्रवार

अर्ज लिहिला. चार वेळा लिहिला. शेवटचा असा —

'सदर विद्यार्थिनीने श्वासाची नोंद करताना जी चूक केली, तिचे मूळ माझ्या शिकवण्यात आहे. मी विद्यार्थिनींना श्वास प्रत्यक्ष न मोजता अंदाजे लिहिण्यास सांगत आलो. तरी दोष माझा धरावा व तिला क्षमा करावी.'

वाचून पाहिला. प्रत्येक शब्द खरा आहे. एक 'चूक केली' सोडलं तर.

८ फेब्रुवारी, शनिवार

अर्ज दिला. तिघांनी वाचला. मोठे डॉक्टर चष्मा काढून म्हणाले, "असे शिक्षक राहिले नाहीत हो. विद्यार्थ्याचा गुन्हा आपल्या डोक्यावर घेणारे."

मी म्हटलं, "साहेब, मी मोठेपणासाठी लिहिलं नाही. खरंच मीच शिकवलंय."

"शिकवताना सगळेच काही ना काही बोलतात. तिनं डोकं वापरायला नको? बाकी दहा जणींनी नाही असं केलं."

मेट्रन मॅडमनी अर्ज घडी घालून फायलीत ठेवला. मग ड्रॉवरमधून दुसरा कागद काढला. ट्यूटरच्या जागेची ऑर्डर. "तुमच्या या अर्जानं तर खात्रीच पटली आमची," म्हणाल्या.

घेतली मी. दोन्ही हातांनी घेतली.

९ फेब्रुवारी, रविवार

राहत वॉर्डात आली. टोपी आणि कमरेचा पट्टा परत करायला. ईदला पाचोडला चालली. परवा वडील सामान न्यायला येणार, दहाच्या गाडीनं.

टोपी टेबलावर ठेवली. सरळ केली. म्हणाली, "सर, एक विचारू?"

"विचार."

"पुन्हा कुठं शिकायला मिळालं, तर मी मोजू? का मोठ्यांचं ऐकू?"

टोमणा नव्हता. खरंच विचारत होती. तिला खरंच कळत नव्हतं.

मला सतरा नंबरनं हाक मारली. मारली नव्हती. मी गेलो.

११ फेब्रुवारी, मंगळवार. सकाळचे आठ

बावीस तारखेचं इथं लिहिलेलं खोटं आहे. खोटं नाही, अर्धं आहे. आता पुरतं लिहितो.

त्या सकाळी तिच्या कागदावर आठच्या रकान्यात ३२ होतं, रेघ मारून खोडलेलं. शेजारी ३६. दोनदा मोजलं होतं तिनं, खात्रीसाठी. ती खाडाखोड हीच. मला म्हणाली, "सर, छत्तीस आहे. डॉक्टरांना बोलवू?" मी दारातून कान दिला. म्हातारी कपातला चहा फुंकत होती. मला काहीच ऐकू आलं नाही, कारण माझे कान जिन्याकडं होते, पथकाच्या पावलांकडं. म्हटलं, "चहा पिणाऱ्याला छत्तीस नसतो. वीस लिही, स्वच्छ कागदावर." तिनं पुन्हा म्हटलं, "सर, मी मोजलंय." मी म्हटलं, "अन् मी ऐकलंय."

जुना कागद पथकाला रद्दीत सापडू नये म्हणून मी खिशात घातला. त्या संध्याकाळपासून तो या वहीच्या पुठ्ठ्यात आहे. रोज त्याच्यावरच हात टेकून लिहीत आलो.

आत्ता काढला. शेंगांची पिशवीही खाली घेतली, पुंजारामलाही सांगायचंय. कचेरी नऊला उघडते. पाचोडची गाडी दहाला येते.